अठ्ठेचाळीस खोडून सेहेचाळीस

माटुंग्याला किंग्ज सर्कलच्या फुटपाथवर जुन्या पुस्तकांच्या चळती लागलेल्या असतात. इंजिनियरिंगच्या गाइडांखाली दबलेलं प्राणिशास्त्राचं एक जाडजूड इंग्रजी पाठ्यपुस्तक मला तिथे मिळालं. पुठ्ठा निसटलेला, सुरुवातीची दोन-तीन पानं गायब. आनुवंशिकतेच्या प्रकरणात माणसाच्या पेशीत ४८ गुणसूत्रं असतात असं छापलेलं होतं. कुणीतरी निळ्या शाईने ते ४८ तिरक्या रेघेने खोडून वर ४६ केलं होतं आणि समासात दोन नावं लिहिली होती: चिओ, लेव्हान.

पहिली पानं नसली तरी तेवढ्यावरून पुस्तकाचं वय कळलं. थिओफिलस पेंटर यांनी १९२३ साली माणसाची गुणसूत्रं ४८ ठरवली. गंमत अशी, की त्याच्या दोनच वर्षं आधी त्यांनी स्वतःच नोंदवलं होतं, की सर्वांत स्वच्छ दिसणाऱ्या पेशींमध्ये ४६च भरतात. तरी शेवटी शिक्का पडला तो ४८ वर, आणि पुढची तीसेक वर्षं जगभरची माणसं सूक्ष्मदर्शकात डोकावून ४८च मोजत राहिली. १९५५ च्या अखेरीस स्वीडनमधल्या लुंड इथे जो हिन चिओ आणि आल्बर्ट लेव्हान यांनी पेशी सौम्य द्रावात फुगवल्या, त्यामुळे एकमेकांवर पडलेली गुणसूत्रं सुटी झाली, आणि मग मोजली. ४६ निघाली. १९५६ मध्ये ते छापून आलं. म्हणजे माझं पुस्तक त्याआधीचं, आणि ते वाचणारा मुलगा किंवा मुलगी त्यानंतरची.

नव्या पुस्तकात ‘माणसात ४६ गुणसूत्रं असतात’ एवढं एक वाक्य असतं. ते बरोबर आहे, पाठ करायलाही सोपं आहे. पण डोळ्यांसमोर ४६ असताना शहाणीसुरती माणसं ४८ कशी मोजतात, हा प्रश्न त्या वाक्यातून कधी पडणार नाही. मला तो त्या खोडलेल्या पानाने पाडला.

बीएस्सी-एमएस्सीच्या मुलामुलींना माझं सांगणं असं, की जीवशास्त्राची जुनी पाठ्यपुस्तकं टाकू नका. पण ती वापरायची कशी हे मात्र शिकून घ्या. जुनं म्हणजे रद्दी हा एक समज आणि जुनं ते सोनं हा दुसरा. दोन्ही आळशी आहेत, कारण दोन्हींत पुस्तक उघडावं लागत नाही. पाठ्यपुस्तक एकदम म्हातारं होत नाही, प्रकरणाप्रकरणाने होतं. एकाच पुस्तकातलं आनुवंशिकतेचं प्रकरण दहा वर्षांत शिळं होतं आणि शेजारचं झुरळाच्या मुखांगांचं प्रकरण शंभर वर्षं ताजं राहतं. झुरळ काही बदललेलं नाही.

तेव्हा पहिली गोष्ट ही, की पुस्तकाचं वय विचारू नका, पानाचं विचारा. बाह्यरचना, अंतर्गत शरीररचना, ऊतींची रचना, गर्भविकासाचे टप्पे, खोडाचे-मुळाचे छेद यांचं वर्णन ज्याने नीट बघून केलं, ते टिकतं. कॅथरीन इसाव यांचं वनस्पतींच्या अंतर्रचनेवरचं १९५३ चं पुस्तक घ्या, किंवा दिल्ली विद्यापीठात शिकवणाऱ्या पंचानन माहेश्वरींचं सपुष्प वनस्पतींच्या भ्रूणविज्ञानावरचं १९५० चं. भ्रूणकोषाचे प्रकार समजून घ्यायला माहेश्वरींच्या आकृत्यांइतकं सोपं काही मला अजून सापडलेलं नाही. लिबी हायमन यांनी अपृष्ठवंशीयांवरचे सहा खंड १९४० ते १९६७ या काळात एकटीने लिहिले आणि त्यातल्या कितीतरी आकृत्या प्रत्यक्ष नमुने समोर ठेवून स्वतः काढल्या. तेव्हा त्या कुठल्या विद्यापीठात पगारावरही नव्हत्या. आधी लिहिलेल्या प्रॅक्टिकलच्या पुस्तकांच्या मानधनावर त्यांचं घर चालायचं. प्रॅक्टिकलचं पुस्तक नीट लिहिलेलं असलं की काय करू शकतं, याचा एवढा चोख पुरावा दुसरा नाही.

प्रॅक्टिकलच्या जुन्या पुस्तकांची किंमत आता वेगळ्याच कारणाने वाढली आहे. यूजीसीने २०११ मध्ये प्राण्यांचं डिसेक्शन टप्प्याटप्प्याने बंद करायच्या सूचना दिल्या आणि २०१४ मध्ये ते पूर्णच थांबवायला सांगितलं. बरं झालं असंच माझं मत आहे. आमच्या पिढीने बेडूक फार वाया घालवले. पण त्यामुळे आजच्या टीवायच्या मुलांनी गांडूळ आतून पाहिलेलं नसतं. चार्ट पाहिलेला असतो, संगणकावर माउसने कापलेलं असतं. चार्टमधल्या गांडुळाला रक्त नसतं आणि त्याचे अवयव आधीच वेगवेगळ्या रंगांत रंगवून ठेवलेले असतात.

जुन्या पुस्तकात गांडूळ उघडण्याची कृती दीड-दोन पानं चालते. ट्रेमधल्या मेणावर ते पाठ वर करून ठेवा. टाचण्या सरळ नको, बाहेरच्या बाजूला तिरप्या टोचा, म्हणजे हाताला आड येत नाहीत. काप बरोबर मधून घेऊ नका, किंचित बाजूने घ्या. मधून पृष्ठरक्तवाहिनी जाते आणि ती तुटली की रक्ताने पुढचं काही दिसत नाही. कातडी बाजूला घेताना प्रत्येक खंडातला आतला पडदा सुटा करा. ट्रेमध्ये पाणी भरा, अवयव तरंगून वेगळे होतात. आता ही कृती शरीररचनेचा धडा म्हणून वाचा. रक्तवाहिनी पाठीकडे आहे हे कळलं. बाहेरचे खंड आतही पडद्यांनी वेगळे केलेले आहेत हे कळलं. अवयव एकमेकांना किती सैल बांधलेले आहेत तेही कळलं. यातलं काहीही ‘लक्षात ठेवा’ म्हणून सांगितलेलं नाही. हात चुकू नये म्हणून सांगितलंय. ज्यांना गांडूळ कापायला मिळणार नाही त्यांनी ही दोन पानं हात हलवत वाचावीत. घरात कुणी विचारलं तर काय सांगायचं ते तुमचं तुम्ही बघा.

गांडुळाचं आणखी एक. इंग्रजी पुस्तकांतलं गांडूळ म्हणजे युरोपातलं लुंब्रिकस. त्याच्या जवळजवळ प्रत्येक खंडात उत्सर्जनाच्या नळ्यांची, म्हणजे नेफ्रिडियांची, एक जोडी असते आणि ती शरीराबाहेर उघडते. आपल्याकडच्या कॉलेजांतून मुलं हेच शिकत आणि ट्रेमध्ये आपल्या मातीतलं फेरेटिमा उघडत. दोन्हींचं जुळायचं नाही. कर्म नारायण बहल यांनी १९१९ मध्ये दाखवून दिलं, की फेरेटिमात पडद्यांवरच्या असंख्य बारीक नळ्या बाहेर न उघडता शेवटी आतड्यात उघडतात. उत्सर्जित द्रव आतड्यातून जाताना त्यातलं पाणी शरीराला परत मिळवता येतं. कोरड्या दिवसांत जगणाऱ्या गांडुळाला ते उपयोगाचं. बहल यांनी लखनौहून भारतीय प्राण्यांवर एकेका पुस्तिकेची मालिका सुरू केली. १९२६ ची ‘फेरेटिमा’ त्यांची स्वतःची. पुढे पायला गोगलगाय आणि स्कोलिओडॉन मासा यांवरही अशा पुस्तिका निघाल्या. आज बाजारात मिळणाऱ्या बहुतेक पुस्तकांतल्या गांडुळाच्या आकृत्या कुठल्या ना कुठल्या वाटेने तिथूनच आल्या आहेत, आणि दर नकलेला एखादी रेघ कमी होत गेली आहे. मूळ आकृती बघितली की ध्यानात येतं, आपण जर्नलमध्ये इतकी वर्षं ज्याला नुसता ठिपका समजून काढत होतो, ते खरं तर नळीचं तोंड आहे.

इथे एक व्यवहाराची गोष्ट. हे गांडूळ आता मेटाफायर पोस्थुमा या नावाने ओळखलं जातं. प्रोजेक्टसाठी नुसतं नवं नाव टाकून शोधलंत तर बहल सापडणार नाहीत. नुसतं जुनं टाकलंत तर अलीकडचं काम सुटेल. दोन्ही नावांनी शोधा. पुस्तकातला राना टायग्रिना बेडूक आता होप्लोबॅट्रॅकस टायगेरिनस झाला. बाभूळ अकेशियामधून वाचेलियात गेली, खैर सेनेगॅलियात, टाकळा कॅसियामधून सेन्नात. मुलं याला वैतागतात. पण जुनं नाव म्हणजे शंभर वर्षांच्या लिखाणाची किल्ली आहे. ती हरवली तर कुलूप तुमच्यापुरतं कायमचं बंद.

वनस्पतिशास्त्राच्या मुलांनी तर थिओडोर कुक यांचा मुंबई इलाख्याचा फ्लोरा एकदा तरी हाताळायलाच हवा. हा माणूस मूळचा इंजिनियर. रेल्वेच्या कामासाठी हिंदुस्थानात आला, पुढे पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्सचा प्राचार्य झाला, आणि निवृत्तीनंतर १९०१ पासून १९०८ पर्यंत भागाभागाने हा ग्रंथ पुरा केला. भारतीय वनस्पती सर्वेक्षण संस्थेने १९५८ मध्ये त्याचं पुनर्मुद्रण केलं आणि तीच प्रत बहुतेक कॉलेजांच्या कपाटात असते. झाडाचं वर्णन, कुठे आढळलं, फुलं कधी येतात, आणि मराठीत काय म्हणतात, हे सगळं त्यात आहे.

काटेसावरीचं फूल घ्या आणि कुकमध्ये शोधा. ती मालव्हेसी कुळात सापडेल, जास्वंद आणि भेंडीच्या शेजारी, कारण कुक बेंथॅम-हूकरच्या वर्गीकरणावर चालतात. मध्यंतरीच्या, म्हणजे माझ्या विद्यार्थिदशेतल्या पुस्तकांत ती स्वतंत्र बॉम्बेकेसी कुळात होती. आम्हाला दोन्ही कुळांतला फरक चार गुणांना विचारत. मग १९९८ पासून एपीजी वर्गीकरण आलं, डीएनएच्या आधाराने कुळं पुन्हा मांडली गेली आणि काटेसावर परत मालव्हेसीत गेली. म्हणजे १९०१ चं पुस्तक आज बरोबर आणि १९८० चं चूक. पण म्हणून ‘आमच्या जुन्या लोकांना सगळं माहीत होतं’ असं म्हणत सुटू नका. बेंथॅम-हूकर तिथे फुलाची रचना बघून पोचले, आजचे लोक डीएनएच्या वाटेने. शिवाय बेंथॅम-हूकरने वेगळी ठेवलेली स्टर्क्युलिएसी आणि टिलिएसी आता मालव्हेसीतच विरघळली आहेत, ते त्यांना दिसलं नव्हतं. रुईचं ॲस्क्लेपिएडेसी कुळ ॲपोसायनेसीत गेलं, आवळा युफॉर्बिएसीतून निघून फायलँथेसीत आला. कुकच्या झेरॉक्सवर हे सगळं पेन्सिलीने लिहून ठेवा. लायब्ररीच्या प्रतीवर नको.

आकृत्यांबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण मुलं सर्वांत जास्त तिथेच गमावतात. हेन्री ग्रे यांची ‘ॲनाटॉमी’ १८५८ साली निघाली. तिच्या ३६३ आकृत्या काढणारे हेन्री व्हॅनडाइक कार्टर त्याच वर्षी मुंबईला आले आणि ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकवू लागले. कुष्ठरोग आणि मायसेटोमा यांवर त्यांनी पुढे इथे मोठं काम केलं. पुस्तक मात्र ग्रेच्या नावाने ओळखलं जातं. त्या आकृत्यांत कार्टर यांनी एक साधी गोष्ट केली: अवयवाचं नाव अवयवावरच लिहिलं. तोवर बहुतेक आकृत्यांत अ, ब, क किंवा आकडे असत आणि त्यांचे अर्थ खाली शोधावे लागत. शिरेचं नाव शिरेच्या वळणाने गेलं की शीर कुठून कुठे जाते हे वेगळं पाठ करावं लागत नाही.

म्हणून सराव असा करा. जुन्या पुस्तकातली एक आकृती समोर ठेवा, दहा मिनिटं नुसती बघा, पुस्तक मिटा आणि काढा. मग ताडून पाहा. जुन्या आकृत्या काळ्या रेघांच्या असतात, त्यामुळे त्या पेन्सिलीने काढता येतात. हल्लीच्या पुस्तकातली चकचकीत रंगीत आकृती काढायची म्हटली तर सुरुवात कुठून करायची तेच कळत नाही. ती बघण्यासाठी असते, काढण्यासाठी नव्हे. स्पॉटिंगला स्लाईडखाली जे दिसतं तेही रेघांच्या चित्राच्याच जास्त जवळचं असतं.

आता शिळ्या भागाकडे. काही सालं लक्षात ठेवली की कुठलंही पान तपासता येतं. पुस्तक १९६१ च्या आधीचं असेल तर पेशीत एटीपी कसा तयार होतो हे त्यातलं विसराच. पीटर मिचेल यांची प्रोटॉनच्या उताराची कल्पना त्या साली आली, आणि सर्वांच्या गळी उतरायला आणखी बराच काळ गेला. नोबेल मिळालं १९७८ मध्ये. तंतुकणिका आणि हरितलवक हे मुळात जिवाणू होते हे लिन मार्ग्युलिस यांनी १९६७ मध्ये ठासून मांडलं. बुरशीला वनस्पतींपासून वेगळं काढणारी व्हिटेकर यांची पाच सृष्टींची मांडणी १९६९ ची, पेशीपटलाचं आज शिकवलं जाणारं प्रारूप १९७२ चं. जनुकं तुकड्यातुकड्यांत असतात हे १९७७ साली कळलं, आणि कार्ल वूस यांनी आर्किया वेगळे दाखवले तेही त्याच साली. जिनोमवरची २००२ च्या आसपासची पुस्तकं माणसाची जनुकं तीस हजारांच्या घरात सांगतात. आज आकडा वीस हजारांच्या आसपास आला आहे. एवढी यादी पुस्तकाच्या शेवटच्या कोऱ्या पानावर लिहून ठेवली की पुरे.

एक कबुली. मी कितीतरी वर्षं वर्गात एका ग्लुकोजमागे ३८ एटीपी सांगत आलो. एसवायच्या एका मुलीने नवं पुस्तक उघडून ३० ते ३२ दाखवले, तेव्हा मी ‘परीक्षेत ३८ लिही’ असं म्हणून वेळ मारून नेली. घरी जाऊन बघितलं. जुना हिशेब पूर्ण आकड्यांचा होता: एका एनएडीएचला ३, एका एफएडीएचटूला २. मिचेलची कल्पना मान्य झाल्यावर तो मोडला, कारण प्रोटॉनच्या उतारातला काही भाग इतर कामांवर खर्च होतो. आता साधारण अडीच आणि दीड धरतात. दुसऱ्या दिवशी वर्गात दोन्ही हिशेब फळ्यावर शेजारीशेजारी मांडले. तो तास बरा झाला, पण श्रेय त्या मुलीचं.

आणि चूक जुनी असली तरी पुस्तक नवं असू शकतं, हेही ध्यानात ठेवा. जिभेच्या टोकाला गोड आणि मागे कडू कळतं, हा नकाशा डेव्हिड हेनिग यांच्या १९०१ च्या प्रयोगांच्या चुकीच्या वाचनातून आला. सगळ्या चवी जिभेवर सगळीकडे कळतात हे केव्हाच सिद्ध झालंय. नकाशा मात्र अजून गाइडांतून सुखाने नांदतो.

पुस्तक घेताना फसायची एक ठरलेली जागा आहे. आतल्या पानावर ‘पुनर्मुद्रण’ म्हणून अलीकडचं साल असतं आणि विकणारा ते बोट ठेवून दाखवतो. पुनर्मुद्रण म्हणजे तेच जुनं पान पुन्हा छापलेलं. तुम्ही आवृत्ती कितवी ते बघा, आणि तिची प्रस्तावना कुठल्या साली लिहिली ते. प्रस्तावना बहुतेक कुणी वाचत नाही, पण या आवृत्तीत काय बदललं, काय गाळलं हे लेखक तिथेच सांगतो. मग चित्रांच्या पट्ट्या पूर्ण आहेत ना, शेवटची सूची फाटलेली नाही ना, हे बघा. सूची नसलेलं संदर्भपुस्तक घेऊ नका, फुकट दिलं तरी. पान उन्हात धरून कसर लागलीय का पाहा आणि नाकाजवळ न्या. बुरशीचा वास असेल तर ते घरातल्या इतर पुस्तकांपासून दूर ठेवावं लागेल.

पुण्यात अप्पा बळवंत चौक, मुंबईत माटुंगा आणि फोर्टचे फुटपाथ, आणि आपल्याच विभागाच्या कपाटांतलं धूळ खाणारं ग्रंथालय, अशा जागा आहेतच. घरबसल्या हवं असेल तर बायोडायव्हर्सिटी हेरिटेज लायब्ररीच्या संकेतस्थळावर हूकर, कुक यांच्यासारखे स्वामित्वहक्क संपलेले ग्रंथ पूर्ण वाचता येतात. अमेरिकेच्या राष्ट्रीय वैद्यकीय ग्रंथालयाच्या ‘बुकशेल्फ’वर गाजलेल्या पुस्तकांच्या मागच्या आवृत्त्या प्रकाशकांच्या परवानगीने मोफत ठेवल्या आहेत: आल्बर्ट्सचं पेशीविज्ञान २००२ चं, स्ट्रायरचं जीवरसायनशास्त्रही त्याच साली आलेलं, गिल्बर्टचं विकासविज्ञान २००० चं. त्यातली बरीचशी सरळ पहिल्या पानापासून चाळता येत नाहीत, शब्द टाकून शोधावं लागतं. एखादी नेमकी संज्ञा टाका, मग हव्या त्या भागात पोचता. नव्या आवृत्तीसाठी हजारो रुपये मोजण्याआधी हे बघा. एफवायला लागणारा पेशीविभाजनाचा किंवा कर्बोदकांचा भाग त्यात भरपूर आहे. जनुकसंपादन मात्र सापडणार नाही. क्रिस्परचं तंत्र २०१२ चं.

जुनं पुस्तक सलग वाचायला घेऊ नका. तसं करणारे मी पाहिलेत, तिसऱ्या प्रकरणाला दमतात. वर्गात जो घटक चालू आहे तेवढाच जुन्यात काढा, आधी तिथलं वर्णन वाचा, आकृती काढा, मग नव्या पुस्तकात त्यामागची यंत्रणा वाचा. दोन्हींत जिथे मेळ बसत नाही त्या ओळीखाली रेघ मारा आणि दुसऱ्या दिवशी सरांना किंवा मॅडमना तेवढंच विचारा. व्हायव्हात मात्र नवं नाव आधी सांगा, जुनं मागून. परीक्षक माझ्या वयाचे असतील तर जुनं ऐकून खूश होतील, पण मार्क नव्याचेच.

कॉलेजच्या लायब्ररीत कालबाह्य पुस्तकं काढून टाकायची यादी अधूनमधून लागते. एका लायब्ररीत मी ती दोन दिवस उशिरा वाचली. हायमनचे दोन खंड किलोवर गेले होते. यादी लागली की त्याच दिवशी जा, ग्रंथपालांना भेटा, आणि पुस्तक मिळालंच तर ‘रद्द’ असा शिक्का आणि सही घेतल्याशिवाय बाहेर पडू नका, नाहीतर दारावर अडकाल. कणा सुटलेला असेल तर बाइंडरकडे द्या. सेलोटेप लावू नका; चार वर्षांत ती पिवळी पडते आणि निघताना अक्षरं घेऊन निघते.